आठ साखळ्या अकरा आणे

लीलाधर चौधरी धुळ्याला भूमापक होते. मूळचे सावद्याचे. घरची केळीची बाग धाकटा भाऊ बघत होता आणि हे तेहेतीस वर्षं लोकांच्या बांधांवर उभे राहून साखळी ओढत होते. निवृत्तीला दीड वर्ष उरलं होतं. उजवा गुडघा वाकताना आवाज करायचा. आपल्याला आता काही नवीन बघायचं राहिलेलं नाही, असं त्यांना वाटायचं, आणि त्याचं त्यांना वाईटही वाटत नसे.

१९७३ च्या जानेवारीत त्यांच्या टेबलावर एक हुकूम आला. पिंपळनेरच्या पश्चिमेला कुरणपाडा नावाची भिल्लांची वस्ती आहे, तिथे पोलिसांनी गोळी चालवली होती. एक तरुण मेला होता, दोघे जखमी झाले होते. चौकशीसाठी एक डेप्युटी कलेक्टर नेमले होते आणि त्यांना घटनास्थळाचा मोजून काढलेला नकाशा हवा होता.

प्रकरण असं होतं. ते दुष्काळाचं साल. वस्तीलगतच्या सरकारी कुरणातलं गवत लखीचंद नावाच्या व्यापाऱ्याने लिलावात घेतलं होतं. भिल्लांची गुरं उभ्या उभ्या मरत होती, तेव्हा बायामाणसं विळे घेऊन कुरणात शिरली. व्यापाऱ्याने फिर्याद दिली आणि पोलिसांची जीप आली. पोलिसांच्या कागदात लिहिलं होतं की चाळीस-पन्नास भिल्लांनी तीरकमठे आणि गोफणी घेऊन त्यांना घेरलं, पंधरा फुटांवर येऊन हल्ला केला, म्हणून जीव वाचवण्यासाठी तीन फैरी झाडाव्या लागल्या. गुन्हा चौदा भिल्लांवर नोंदवला होता. आरोपी क्रमांक एक म्हणून जो होता, तो मेलेला तरुणच होता.

चौधरींनी कागद दोनदा वाचला, चष्मा काढून पुसला आणि फाईल पिशवीत घातली.

नेमका त्याच आठवड्यात त्यांचा साखळीवाला वना हिवतापाने झोपला. दुसरा माणूस मिळेना. साहेब म्हणाले, "चौधरी, तिथे तलाठी असेल, पोलिस असतील. कुणीतरी धरेल साखळी. तारीख चुकवू नका."

पहाटेच्या एस.टी.ने ते पिंपळनेरला उतरले. तिथून एक हवालदार त्यांच्या सोबत निघाला. झुलाल पाटील त्याचं नाव. चाळिशीचा, बोलका, शिंदखेड्याकडच्या शेतकऱ्याच्या घरातला माणूस. गोळीबाराच्या दिवशी तो जीपमध्ये होता.

"नाना, तुम्ही सावद्याचे म्हणजे केळीवाले," तो चालता चालता म्हणाला. "आमच्याकडे औंदा प्यायला पाणी नही. तुमच्याकडे विहिरी तरी शेतस."

"यंदा आमच्याही आटल्या," चौधरी म्हणाले.

तलाठी आलाच नाही. दुष्काळी कामाच्या हजेऱ्या तपासायला तहसीलदार येणार होते म्हणे.

कुरण म्हणजे एक लांबट उतार होता. खाली कोरडा नाला, नाल्यावर दगडी मोरी, आणि वर चढत गेलेलं कापलेलं, तुडवलेलं गवत. वस्तीतली दहा-बारा माणसं लांब उभी होती. हवालदाराला बघून ती आणखी मागे सरकली. एकच म्हातारा पुढे आला. अंगात फाटका सदरा, गुडघ्यापर्यंत धोतर, डोक्याला काही नाही. चार पावलांवर थांबून त्याने हात जोडले.

"हा पुना. पुना वेडू," झुलाल म्हणाला. "मयताचा बाप."

चौधरींनी मान हलवली. मग त्यांनी साखळीची गाठ सोडायला घेतली.

"जीप कुठे होती?"

झुलालने मोरीच्या अलीकडची जागा दाखवली. तिथे शंका नव्हती. मोरी अरुंद होती, जीप पुढे जाऊच शकली नसती, आणि चाकांचे चर अजून दिसत होते. "आम्ही इथंच उतरलो. इथूनच फैरी झाडल्या."

"आणि तो कुठे पडला?"

झुलालने नाल्याच्या पलीकडे, अगदी जवळ, गवतात कुठेतरी हात केला. "तिकडे. त्या बाजूला."

"तिकडे म्हणजे कुठे? मला खूण लागेल, हवालदार."

झुलालने हात खाली घेतला. तेव्हा पुना पहिल्यांदा बोलला. "साहेब, मना पोऱ्या वर पडना. मोहना झाडजोडे. चला, दखाडस."

ते चढत गेले. गुडघ्यामुळे चौधरींना वेळ लागला. वर मोहाचं एक झाड होतं, त्याच्या थोडं अलीकडे दगडांचा ढीग होता, कमरेएवढा. येता-जाता प्रत्येकाने एकेक ठेवलेला. ढिगाला लागून जमिनीत एक खड्डा होता. वीतभर लांब-रुंद, चार बोटं खोल, कडा सरळ कापलेल्या. खुरप्याने माती उचलून नेली होती.

चौधरींनी पिशवीतून पंचनाम्याची नक्कल काढली. त्यात लिहिलं होतं, 'मयताचे प्रेताखालील रक्तमिश्रित माती डब्यात घेऊन सीलबंद केली.' कुठून घेतली ते लिहिलं नव्हतं.

"हवालदार, ही माती कुणी काढली?"

झुलालने खाली बघितलं. मग मागे, मोरीकडे. मग हळूच म्हणाला, "नाना, खड्डा मोजू नका. तुम्हाला काय करायचं आहे? तुमची दीड वर्षं राहिली म्हणता ना?"

"कुणी काढली?"

"मीच काढली," झुलाल म्हणाला आणि विडी पेटवायला दुसरीकडे तोंड फिरवलं.

मोजायचं तर दुसऱ्या टोकाला माणूस हवा होता. झुलालने साखळी धरायला नकार दिला. मला वरून तसा हुकूम नाही, म्हणाला. लांब उभ्या असलेल्या लोकांपैकी कुणी हवालदारासमोर यायला तयार नव्हतं. पुना म्हणाला, "मी धरस, साहेब."

चौधरी क्षणभर थांबले. नियमात बसतं की नाही, हा प्रश्न मनात आला होता. पण संध्याकाळची गाडी पकडायची होती आणि तारीख चुकवायची नव्हती. त्यांनी साखळीचं टोक पुनाच्या हातात दिलं आणि कसं ताणायचं, खुणेची लोखंडी सुई कशी रोवायची ते दाखवलं. म्हाताऱ्याला एकदाच सांगावं लागलं. तो पुढे चालायचा, चौधरींचा हात वर झाला की थांबायचा, डावी-उजवी खूण बघून सरकायचा, साखळी ताणून सुई रोवायचा. ते मागच्या सुईपाशी पोचेपर्यंत हलायचा नाही. वनाला इतकी वर्षं सांगूनही जे जमलं नव्हतं, ते त्याने चौथ्या साखळीला केलं: गवताच्या बुंध्यावर साखळी अडकली तर वाकून आपणच सोडवली.

मोरीजवळच्या चाकांच्या चरापासून खड्ड्यापर्यंत आठ साखळ्या आणि अकरा आणे भरले. एक साखळी तेहेतीस फुटांची, एका साखळीचे सोळा आणे. चौधरींनी मनातल्या मनात हिशेब केला. दोनशे सत्त्याऐंशी फूट. पंधरा नव्हे.

ते शेवटच्या सुईपाशी आले तेव्हा पुना खड्ड्याच्या काठावर टोक धरून बसला होता. आपण काय धरलं आहे हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

"तो पयत व्हता," पुना म्हणाला. "डोकावर भारा व्हता. पाठ मोरीकडे. तुमी लिखी ल्या."

"मी अंतर लिहितो, बाबा. पाठ कुठे होती ते डॉक्टर लिहील."

"डॉक्टर लिखी?"

"लिहायला हवं."

मोजणीवहीत त्यांनी मोरी, मोहाचं झाड, कुरणाचा हद्दीचा दगड आणि खड्डा, सगळ्यांची एकमेकांपासूनची अंतरं लिहिली. पानाच्या शेवटी नेहमीचा रकाना होता: साखळी धरणारे. मागचे टोक, स्वतः. पुढचे टोक, पुना वेडू भिल. त्यांनी ते सवयीने लिहिलं. तेहेतीस वर्षांत तो रकाना त्यांनी कधी रिकामा सोडला नव्हता.

ऊन कडक झालं होतं. आणलेलं पाणी संपलं होतं. वस्तीतल्या एका तरुण बाईने, पुनाच्या सुनेने, दुधी भोपळ्याच्या तुंब्यात पाणी आणलं. पाणी गढूळ होतं, पण पाणी होतं. पुनाने तुंबा दोन्ही हातांनी पुढे केला.

"नको," चौधरी म्हणाले. "तहान नाही."

त्यांचा घसा इतका कोरडा होता की तो शब्दही फाटका निघाला. पुनाने तुंबा सुनेकडे परत दिला. पिंपळनेरपर्यंतची वाट चौधरींनी तशीच काढली आणि स्टँडवरच्या हॉटेलात एकापाठोपाठ चार पेले पाणी प्यायले. घरी बायकोला, सुमनबाईंना, त्यांनी मोजणीचं सगळं सांगितलं. हे सांगितलं नाही.

नकाशा कापडी कागदावर उतरला. खड्डा तांबड्या शाईने दाखवला. वरचे साहेब बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिले.

"चौधरी, हे दोनशे सत्त्याऐंशी फूट बरोबर आहेत?"

"बरोबर आहेत."

"आणि साखळीला हा पुना कोण?"

चौधरींनी सांगितलं. साहेबांनी कपाळावर हात मारला. साहेब वाईट माणूस नव्हते. दार लोटून घेऊन ते म्हणाले, "हे बघा. वनाचं नाव घाला. मोजणी तुमची खरी आहे ना? मग ती टिकली पाहिजे. या नावाने ती टिकणार नाही. मी तुमच्या भल्यासाठी नाही, मोजणीच्या भल्यासाठी सांगतो."

"वना त्या दिवशी घरी होता. रजेचा अर्ज आहे त्याचा."

"अर्ज मी बघतो."

चौधरींनी रात्रभर विचार केला नाही. त्यांनी तिथेच, खुर्चीत बसून, दोन मिनिटं विचार केला. एक खोटं नाव लिहिलं तर खरं अंतर टिकेल. पण वहीवर खाडाखोड दिसेल. आणि उद्या वनाला शपथेवर विचारलं तर? आणि या सगळ्याच्या खाली आणखी एक गोष्ट होती, ती त्यांनी साहेबांना बोलून दाखवली नाही: त्या म्हाताऱ्याने साखळी नीट धरली होती. त्याचं नाव खोडायचं कशासाठी?

"राहू द्या, साहेब," ते म्हणाले. "आहे ते आहे."

चौकशी फेब्रुवारीत सुरू झाली. धुळ्याला एका सरकारी इमारतीच्या लांब खोलीत. व्हरांड्यात कुरणपाड्याची माणसं भिंतीला टेकून बसायची. त्यांना सकाळी बोलावलं जायचं आणि संध्याकाळी पुढची तारीख मिळायची. ती पिंपळनेरच्या गाडीने यायची, त्याच गाडीने जायची, आणि तेवढ्या दिवसांची दुष्काळी कामावरची हजेरी बुडायची. चौधरींची साक्ष तिसऱ्या तारखेला झाली.

पोलिसांच्या बाजूने संचेती नावाचे वकील होते. नीटनेटके, हळू बोलणारे. त्यांनी नकाशाची तारीफ केली. मग विचारलं, "चौधरीसाहेब, साखळीला टोकं किती?"

"दोन."

"एक तुमच्या हातात होतं. दुसरं?"

"पुना वेडू भिल यांच्या हातात."

"हे तुमच्या खात्यात नोकरीला आहेत?"

"नाही. मयताचे वडील आहेत."

वकिलांनी चौकशी अधिकाऱ्यांकडे बघितलं. पुढे बोलायची गरज नसल्यासारखं बघितलं. तरी बोलले. "साहेब, ज्याचं स्वतःचं नाव दंग्याच्या चौदा आरोपींत आहे, ज्याच्या मुलाचंही आहे, त्याच्या हातात सरकारी मोजणीचं टोक दिलं गेलं. या लोकांची खरं बोलण्याची रीत आपल्याला माहीत आहेच."

"साखळी लोखंडी आहे," चौधरी म्हणाले. "कुणीही धरली तरी तेवढीच राहते."

खोलीत कुणीतरी हसलं. अधिकारी म्हणाले, "विचारलं तेवढंच सांगा."

"बरं, खड्डा," वकील म्हणाले. "पंचनाम्यात खड्ड्याची जागा लिहिलेली आहे?"

"नाही."

"म्हणजे तो खड्डा कुणीही, कधीही खणलेला असू शकतो."

"हवालदार झुलाल पाटलांनी माझ्याजवळ सांगितलं की तो त्यांनी खणला."

"ते हवालदार सांगतील. तुम्ही कशाला सांगता?"

झुलालची साक्ष त्याच दुपारी होती. चौधरी मुद्दाम थांबले. खोलीच्या मागच्या बाकापाशी पुना होता. बाकावर जागा असून जमिनीवर बसला होता. झुलाल सावधान उभा राहिला. रक्ताची माती तुम्ही काढली का? हो. कुठून काढली? झुलालने एकदा मागे बघितलं. कोणाकडे बघितलं ते चौधरींना कळलं नाही.

"गडबडीत होतो, साहेब. जागा नक्की लक्षात नही."

डॉक्टरांचा कागद त्याआधीच वाचला गेला होता. गोळी पाठीतून शिरली होती, हे त्यात होतं. त्यावर वकील म्हणाले होते की झटापटीत माणूस वळतो, आणि ते लिहून घेतलं गेलं होतं.

व्हरांड्यात झुलाल चौधरींसमोर आला. टाळायला वाट नव्हती.

"तीन पोरी आहेत, नाना," तो म्हणाला.

चौधरींनी त्याच्याकडे बघितलं. त्यांना त्याचा राग यायला हवा होता. तेवढी ताकद त्यांच्यात नव्हती. त्याचा चेहराही आजारातून उठल्यासारखा दिसत होता.

मार्चअखेरीस चौकशी अधिकाऱ्यांनी हुकूम काढला: खात्याचा माणूस साखळीला घेऊन, दोन्ही बाजूंसमक्ष, पुन्हा मोजणी करावी. चौधरींना बरं वाटलं. हा वना, ही वही, आता बोला. एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात ते वनाला घेऊन निघाले. पोलिसांकडून या वेळी एक तरुण जमादार होता, झुलाल नव्हता.

मोरीवर पोचले आणि ते थबकले. कुरणाचा वरचा उतार उरलाच नव्हता. तिथे पाझर तलावाचं दुष्काळी काम चालू होतं. दोन-अडीचशे माणसं. खालून वर, वरून खाली, डोक्यावर घमेली घेऊन चाललेल्या बायांच्या रांगा, धुळीने सगळ्यांचे चेहरे एकाच रंगाचे झालेले. बांधासाठी लागणारा मुरूम वरूनच उकरून काढला होता. मोहाचं झाड तेवढं एका उंचवट्यावर शिल्लक होतं, मुळं उघडी पडलेलं. दगडांचा ढीग नव्हता. खड्डाही नव्हता, कारण त्याच्या भोवतीची जमीनच नव्हती.

रांगेतून पुना बाहेर आला. घमेलं खाली ठेवून त्याने हात जोडले. जानेवारीपासून तो आणखी वाळला होता.

"पुना, हे काय?"

"काम निंघनं, साहेब. मुकादमनी आठेच खणाले लायं."

"दगडं कुठे गेली?"

पुनाने बांधाकडे हात केला. बांधाच्या आतल्या बाजूला दगड बसवायचं काम चालू होतं. "मीच लई गऊ. दुसरानी पायखाल घाला असतात. मंग मीच एकेक लई गऊ."

त्याची सून रांगेत थांबून इकडे बघत होती. मुकादम ओरडला, तशी ती चालू लागली.

जमादार म्हणाला, "चला मग, जागा आढळून आली नाही असं लिहा. संपलं."

"थांबा," चौधरी म्हणाले.

त्यांनी मोजणीवही उघडली. जानेवारीत त्यांनी मोहापासून आणि हद्दीच्या दगडापासून खड्ड्याची अंतरं घेतली होती. झाड होतं. हद्दीचा दगड कामाच्या बाहेर पडला होता, तो जागेवर होता. दोन पक्क्या खुणांवरून तिसरी हरवलेली जागा काढणं हे तर त्यांचं रोजचंच काम. बांध कोरून खाल्लेले किती शेतकरी त्यांनी असे परत जागेवर आणले होते. त्यांनी वनाला झाडाजवळ उभं केलं, स्वतः दगडापासून साखळी धरली, आणि उकरलेल्या खाणीत गुडघा धरत उतरले. पाच बाया तिथे मुरूम भरत होत्या. "जरा बाजूला व्हा, माय," ते म्हणाले. दोन्ही अंतरं जिथे जुळली तिथे त्यांनी लोखंडी सुई रोवली. मूळ जमिनीपासून ते ठिकाण आता छातीएवढं खाली होतं.

पुना काठावर उभा राहून बघत होता. सुई रोवल्यावर तो खाली उतरला. सुईपाशी उभा राहिला, मग त्याने मान वर करून, जमीन आधी जिथपर्यंत होती तिथे, हवेत, बघितलं. बायांनी काम थांबवलं. आजूबाजूचे भिल्लही थांबले. मुकादमाने दोनदा ओरडून बघितलं आणि मग तोही गप्प बसला.

चौधरी आणि वना मोरीपासून मोजत आले. आठ साखळ्या अकरा आणे.

"लिहा," ते जमादाराला म्हणाले. "तुमच्या डोळ्यांदेखत."

जमादार तरुण होता, पण हुशार होता. "साहेब, ही सुई तुम्ही जानेवारीच्या वहीवरून लावली. जानेवारीची साखळी याच म्हाताऱ्याने धरली होती. म्हणजे पहिली चुकली असेल तर दुसरीही तशीच चुकणार ना?"

चौधरींनी वही मिटली. मोजणीच्या दृष्टीने त्याचं म्हणणं बिनचूक होतं.

जाण्याआधी ते कामावरच्या पाण्याच्या पिंपापाशी गेले. पुना मागे आला, पण ओंजळ पुढे न करता थोडा लांब थांबला. चौधरींनी डब्याने पाणी काढून आधी त्याला दिलं आणि त्याच डब्याने आपण प्यायले. पुनाच्या लक्षात आलं की नाही कोण जाणे. तो दमलेला होता, गटागट प्यायला आणि घमेल्याकडे परत गेला.

चौकशीचा अहवाल पावसाळ्यानंतर आला. गोळीबार समर्थनीय होता असं त्यात म्हटलं होतं. मोजणीबद्दल अडीच ओळी होत्या: भूमापकाचा हेतू वाईट नव्हता, परंतु हितसंबंधी व्यक्तीच्या साहाय्याने घेतलेलं अंतर विश्वासार्ह धरता येत नाही. चौदांपैकी एकाचं नाव मयत म्हणून वगळण्यात आलं. उरलेल्या तेरा जणांवरचा खटला तालुक्याच्या कोर्टात चालू राहिला.

दिवाळी झाल्यावर एका सकाळी पुना धुळ्याला चौधरींच्या घरी आला. पत्ता विचारत विचारत, स्टँडपासून चालत. दारातच थांबला. सुमनबाईंनी नवऱ्याला हाक मारली. चौधरींनी त्याला आत बोलावून सतरंजीवर बसवलं आणि शेजारी आपण बसले. सुमनबाईंनी एकदा त्या दोघांकडे बघितलं, मग दोन कप चहा आणला, दोन्ही कप घरातले, सारखेच.

पुनाने सदऱ्याच्या आतून एक घडी केलेलं पुडकं काढलं. अहवालाची नक्कल होती. खटल्याच्या तारखेला त्यांच्या वकिलाने दिलेली.

"वाची दखाडा, साहेब."

चौधरींनी वाचून दाखवलं. बावीस पानं. अवघड शब्द आले की थांबून सांगितलं. पुना चहा न पिता ऐकत होता. शेवटी 'समर्थनीय' शब्दाचा अर्थ चौधरींना सांगावा लागला. त्यांनी सांगितला.

पुनाने मान हलवली. हे त्याला आधीच कुणीतरी सांगितलं असावं. त्याला दुसरंच विचारायचं होतं.

"मना पोऱ्यानं नाव कोठे शे यामा?"

चौधरींनी पानं पुन्हा चाळली. 'मयत इसम', 'सदर इसम', 'आरोपी क्रमांक एक'. पुन्हा 'मयत'. नाव एकाच ठिकाणी होतं, चौथ्या पानावर. ते वाचून त्यांनी बोट तिथेच ठेवलं.

"काय लिखेल शे?"

"कवडू पुना भिल."

पुनाने कागदावरच्या त्या बोटाकडे बघितलं. "कवडू कोन? आमनामा कवडू कोनी नही. कौतिक. कौतिक नाव व्हतं."

"लिहिताना चुकलं असेल."

"इतला लोके बसनात," पुना म्हणाला. त्याचा आवाज चढला नाही. "इतला तारखा झायात. मी बठ्ठास्ले सांगं, कौतिक. कोनीच ऐकं नही?"

सुमनबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावला.

"आते हाई सुधरता ई का, साहेब? बाकी राहू द्या. हाई?"

चौधरी उठले, कोरे कागद आणि दौत घेऊन आले. त्यांनी अर्ज लिहिला. वर्षानुवर्षं शेतकऱ्यांसाठी लिहीत आले होते तसाच: अहवालाच्या पान चारवर मयताचे नाव चुकीचे नमूद झाले आहे, ते दुरुस्त व्हावे, ही विनंती. खाली पुनाचा अंगठा घेतला. 'अंगठा ओळखतो' म्हणून स्वतःची सही केली आणि हुद्दा लिहिला. त्यासोबत दुसरा अर्जही लिहिला, मुंबईला, सचिवालयात, चौकशी पुन्हा व्हावी म्हणून. त्यावरही अंगठा घेतला.

"दोन्ही पाठवतो," ते म्हणाले. "काय होईल ते सांगता येत नाही."

"माहित शे," पुना म्हणाला, आणि गार झालेला चहा एका घोटात प्यायला.

मुंबईच्या अर्जाची पोच आली, उत्तर कधी आलं नाही. चौधरींनी दोनदा स्मरणपत्र पाठवलं. नावाच्या अर्जाचं मात्र काम झालं. निवृत्तीच्या दोन महिने आधी, मे महिन्यात, सरकारी टंकलेखनातलं एक पत्र त्यांच्या पत्त्यावर आलं. वर लिहिलं होतं, शुद्धिपत्रक. 'पान ४, ओळ ११, "कवडू" ऐवजी "कौतिक" असे वाचावे.' खाली सही आणि गोल शिक्का.

पोस्टाने पाठवलं तर वस्तीपर्यंत पोचेल याची खात्री नव्हती, म्हणून चौधरींनी रजा टाकली आणि पिंपळनेरची गाडी पकडली. आठवडी बाजाराचा दिवस होता. पुना त्यांना बाजाराबाहेर, मोळ्या विकणाऱ्यांच्या रांगेत भेटला. दोन मोळ्या अजून विकल्या गेल्या नव्हत्या. चौधरींनी उभ्या उभ्या पत्र वाचून दाखवलं, आणि कौतिक हा शब्द कुठे आहे त्यावर त्याचं बोट ठेवलं.

पुनाने बोट तसंच ठेवलं. "हाई?"

"हे."

"आनि मारनारास्नं नाव?"

"ते नाही."

पुनाने कागदाची आहे त्याच रेघेवर घडी केली आणि सदऱ्याच्या आत ठेवला. एक गिऱ्हाईक मोळीचा भाव विचारत होतं, त्याला त्याने भाव सांगितला. गिऱ्हाईक घासाघीस करू लागलं. चौधरी बाजूला सरकले आणि सौदा होईपर्यंत उन्हात उभे राहिले. मग दोघे मिळून स्टँडकडे चालू लागले. चौधरी हळू चालत होते, म्हणून पुनाही हळू चालत होता. पुढची तारीख कधी आहे, असं चौधरींनी विचारलं. आषाढात, पुना म्हणाला. तेरा जणांना पुन्हा बोलावलं आहे.